उच्चार : पंचवीसपैकी नऊ

३० नोव्हेंबर, रविवार

दादरला रंगपालवी करंडकाची मुंबई फेरी झाली. एकपात्री अभिनय, आठवी ते दहावी. सकाळी साडेनऊपासून पाच वाजेपर्यंत सव्वीस मुलं. कंबर धरली आहे, पण मन प्रसन्न आहे. वर्षातला हा एकच दिवस असा असतो की मला न्यायला घरी गाडी येते, छातीशी ‘परीक्षक’ असा बिल्ला लागतो आणि मी बोलायला लागले की समोरचे गप्प बसतात. निवृत्तीला अकरा वर्षं झाली. एरवी गिरगावात मला सुमतीबाई म्हणून हाक मारणारा एक वाणी तेवढा उरला आहे.

पहिली आली उर्वी धुरंधर. आमच्या शाळेची. मी तिला ओळखत नाही, ती शाळेत आली तेव्हा मी बाहेर पडले होते. पण वळण ओळखू येतंच. राणीचं स्वगत केलं. काय भाषा! एकेक ‘ण’, एकेक ‘ळ’ जागच्या जागी. अठ्ठ्याऐंशी दिले. अशा मुली पाहिल्या की एकतीस वर्षं फळ्यासमोर उभी राहिले ते वाया गेलं नाही असं वाटतं. पुण्याच्या अंतिम फेरीला मुंबईतून एकच जण जातो, तो मान तिचा.

दुसरी वरळीची नूपुर गमरे, आठवीतली. एवढीशी, दोन वेण्यांची. बीडीडी चाळीतून नव्या टॉवरमध्ये राहायला आलेली आजी लिफ्टशी भांडते, असा प्रवेश. लिफ्ट इंग्रजीत काहीतरी सांगते आणि आजी म्हणते, “माज्या घरी मी चाललीय, तू कोन इचारनारी?” मी इतकी हसले की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. शेजारचा परीक्षक, तो मालिकांमध्ये काम करतो तो, टेबलावर हात आपटत होता.

पण हसणं निराळं आणि परीक्षण निराळं. पानी, कोन, हाय, न्हाय. उच्चारांना पंचवीसपैकी नऊच देता आले. अभिनयाला मात्र वीस दिले, कुणी म्हणायला नको की हात आखडला. संहिता तिनेच लिहिलेली, पण विषय तसा किरकोळ. एकूण एकसष्ट. शेऱ्याच्या रकान्यात प्रेमाने लिहिलं : ‘गुणी मुलगी. भाषेवर संस्कार हवेत.’ कुणीतरी वेळेवर सांगितलं तर मुलं सुधारतात.

३ डिसेंबर, बुधवार

मनमोहनचा फोन. स्पर्धा घेणाऱ्या मंडळाचा सचिव असला तरी माझ्यासाठी तो मनमोहनच, आमच्या शाळेत माझ्यानंतर लागला होता. म्हणाला, “बाई, त्या वरळीच्या मुलीच्या वडिलांनी तक्रार केली आहे. गुणपत्रिका मागितल्या, नियमाप्रमाणे द्याव्या लागल्या.”

इतर दोघा परीक्षकांनी तिला त्र्याऐंशी आणि पंच्याऐंशी दिले होते म्हणे. आणि उर्वीला शहात्तर, पंच्याहत्तर. म्हणजे माझा कागद बाजूला ठेवला तर निकाल उलटा लागतो.

मला हे ठाऊक नव्हतं. परीक्षकांनी एकमेकांचे आकडे बघायचे नसतात. थोडा वेळ बरं वाटलं नाही. मग वाटलं, ते दोघं तरुण आहेत, टाळ्यांनी वाहून जातात. म्हणून तर तिसरं कुणी जाणतं लागतं.

तक्रार समितीपुढे परीक्षकांनी हजर राहायचं आहे. निकालापासून सात दिवसांच्या आत सुनावणी घ्यावी लागते, म्हणून शनिवारी ठेवली आहे.

६ डिसेंबर, शनिवार

मेट्रोने गेले. गिरगावातून बसायला जागा मिळाली, पण दादरला वर येईपर्यंत जीव नकोसा झाला. पांढऱ्या साड्या, निळे झेंडे, काखेत पोरं, गावागावाहून आलेली माणसं. फुटपाथभर पुस्तकं मांडलेली. एका बाईने माझा हात धरून रस्ता ओलांडून दिला आणि पाण्याची बाटली पुढे केली. नको म्हटलं. बाहेरचं पाणी मी पीत नाही.

समितीचे मनमोहन आणि खजिनदार होते, आणि परीक्षक म्हणून मी. इतर दोन परीक्षकांना चित्रीकरण होतं. अकराची वेळ होती, मुलीकडचं कुणी आलं नाही. सव्वाअकराला मनमोहनला फोन आला. त्याचंच बोलणं मला ऐकू येत होतं. “अहो, पण आजच आहे... सोमवारी नाही घेता येणार, सात दिवसांचा नियम आहे... ते बरोबर आहे, पण आमचाही नाइलाज आहे.” फोन ठेवून म्हणाला, “त्यांना सोमवार पाहिजे होता. आज जमत नाही म्हणे.”

“मग?”

“मग काय? अनुपस्थित लिहायचं.”

वीस मिनिटांत तक्रार निकालात निघाली. बटाटेवडे आले होते, ते खाल्ले. मुलीच्या भवितव्याचा प्रश्न असताना आईवडिलांना एक दिवस काढता येऊ नये, याचं मला नवल वाटलं. मनमोहनलाही तसं बोलून दाखवलं.

येताना पुन्हा तीच गर्दी.

१७ डिसेंबर, बुधवार

दुपारी कोर्टाचा माणूस आला. सही घेतली आणि जाडजूड पाकीट देऊन गेला. फोर्टच्या दिवाणी कोर्टात दावा लागला आहे. ‘वादी : कु. नूपुर राजरत्न गमरे, वय १३, अज्ञान, तर्फे वडील.’ मंडळ पहिलं प्रतिवादी, मनमोहन दुसरा. तिसरी मी. ‘श्रीमती सुमती विजयकर, वय ६९, धंदा : निवृत्त शिक्षिका.’

एकतीस वर्षांत माझ्या नोकरीच्या पुस्तकात एक वाकडी ओळ नाही. यजमान गेले तेव्हासुद्धा वकिलाची पायरी चढावी लागली नाही.

संध्याकाळी सून घरी आल्यावर तिच्यापुढे ठेवलं. रुचा बँकेत आहे, तिला असले कागद वाचायची सवय आहे. ती मोठ्याने वाचू लागली. नियम नऊ : परीक्षकाचा कोणत्याही सहभागी शाळेशी आजी वा माजी संबंध असल्यास तो लेखी कळवावा. प्रतिवादी क्रमांक तीनने ‘संबंध नाही’ या ओळीखाली सही केली आहे.

“आई, तुम्ही एकतीस वर्षं होतात ना त्या शाळेत?”

“अगं, तो छापील फॉर्म असतो. दरवर्षी देतात, दरवर्षी सही करते. मनमोहनला माहीत नाही का मी कुठे होते ते?”

ती पुढे वाचू लागली. मग थांबली आणि कागद माझ्याकडे सरकवला. “हे तुम्हीच वाचा.”

‘तक्रारीची सुनावणी सहा डिसेंबर रोजी ठेवण्यात आली. वादीचे पालक महापरिनिर्वाण दिनी दरवर्षीप्रमाणे चैत्यभूमीवर सहकुटुंब उपस्थित होते. सुनावणीच्या जागेपासून ते एक मैलावर रांगेत उभे होते. त्यांनी दूरध्वनीवरून दोन दिवसांची मुदत मागितली. ती नाकारण्यात आली.’

ती ओळ मी तीनदा वाचली. सहा डिसेंबर. मी त्याच गर्दीतून गेले होते. एवढी माणसं दिसली, झेंडे दिसले, आणि ज्या लोकांना आपण तारीख दिली आहे ते यांच्यातलेच असतील, हे माझ्या डोक्यात आलंच नाही. आडनाव वाचूनही आलं नाही. आम्ही कधी जातपात पाळली नाही, म्हणून आलं नसेल.

रुचाला हे म्हणाले. ती भांडी घासायला उठून गेली.

२२ डिसेंबर, सोमवार

मंडळाचे वकील विक्रांत यांच्या ऑफिसात गेलो, मनमोहन आणि मी. फोर्टमधला तिसरा मजला, जिना लाकडी. माझं प्रतिज्ञापत्र तयारच होतं. ‘मी संपूर्ण निष्पक्षपणे परीक्षण केले. वादीचे उच्चार प्रमाण भाषेस धरून नव्हते...’ इथवर ठीक. पाचव्या परिच्छेदात होतं : ‘मी समितीच्या बैठकीस स्वतः हजर होते. वादीच्या पालकांना पुरेशी संधी देऊनही ते गैरहजर राहिले. मुदतीसाठी कोणताही अर्ज आला नाही.’

मी म्हटलं, “फोन आला होता.”

वकील म्हणाले, “अर्ज आला होता का, बाई?”

“अर्ज नाही. फोन. माझ्यासमोर आला.”

“मग ‘अर्ज आला नाही’ हे खरंच आहे की.” त्यांचा आवाज फार गोड आहे. “आणि तुम्ही फोनवर बोललात का? समोरचा काय म्हणाला हे तुम्ही ऐकलंत का? नाही ना? न ऐकलेलं शपथेवर कसं लिहिणार?”

मी मनमोहनकडे पाहिलं. तो खाली बघत होता. म्हणाला, “बाई, चाळीस वर्षांचं मंडळ आहे. हे हरलो तर पुढच्या वर्षी प्रत्येक नंबरासाठी कोर्ट. कोण स्पर्धा घेईल मग? तुमच्या एका ओळीवर सगळं आहे.”

मला म्हणायचं होतं की ती ओळ काढून टाका. म्हणजे म्हणायला सुरुवात केली होती. पण वकिलांच्या टेबलावर दुसऱ्या दोन परीक्षकांची पत्रं पडली होती, ‘आम्ही दिलेल्या गुणांपलीकडे आम्हांला काही म्हणायचे नाही’, आणि मला एकदम दिसलं की माझ्या बाजूला कुणी नाही. हे दोघेच आहेत.

सही केली. पाच पानांवर पाच.

जिना उतरताना मनमोहनने माझा कोपर धरला होता. जपून बाई, म्हणत होता.

६ जानेवारी, मंगळवार

कोर्ट. अकरापासून दीडपर्यंत बाकावर बसून होते. नूपुर आणि तिचे आईवडील पुढच्या बाकावर. शाळेचा गणवेश घालून आली होती. आई परिचारिका असावी, पर्समधून ओळखपत्राचा पट्टा लोंबत होता. एकदा मुलीने मागे वळून पाहिलं आणि मला ओळखून हसली. हसली! शाळेतल्या बाई दिसल्यावर मुलं हसतात तशी.

त्यांची वकील तरुण आहे, मेघना काहीतरी. तिने न्यायाधीशांना स्पर्धेचा व्हिडिओ दाखवला, कुणा प्रेक्षकाने मोबाइलवर घेतलेला. टेबलामागे आम्ही तिघं. मी चष्मा काढून डोळे पुसते आहे, तोंडाला पदर लावला आहे. कोर्टात दोघंचौघं हसले. मेघना म्हणाली, “महोदय, प्रतिवादी क्रमांक तीन या वेळी एकसष्ट गुण देत आहेत.”

विक्रांत वकील उठले. “हसू येणं म्हणजे गुण नव्हेत, महोदय. विदूषकालाही लोक हसतात.”

मुलीची मान खाली गेली. मागून मला तिच्या वेण्यांमधला भांग तेवढा दिसत होता.

मग माझा शेरा वाचला गेला. ‘भाषेवर संस्कार हवेत.’ त्या दिवशी लिहिताना तो किती मायेचा वाटला होता. कोर्टात तो मेघनाच्या तोंडून आला तेव्हा मुलीच्या वडिलांनी डोळे मिटले. मेघनाने एकदा वाचून सोडलं असतं तरी चाललं असतं, पण न्यायाधीशांना नीट ऐकू आलं नाही, म्हणून पुन्हा वाचला.

सहा डिसेंबरचा विषय निघाला. न्यायाधीशांनी विचारलं, मुदत मागितली होती याला काही पुरावा? मेघनाने फोनची नोंद दाखवली. अकरा वाजून सोळा मिनिटं, दोन मिनिटांचा फोन. विक्रांत म्हणाले, फोन झाला याबद्दल वाद नाही, त्यात काय बोलणं झालं याला साक्षीदार कोण? समितीच्या बैठकीला हजर असलेल्यांचं प्रतिज्ञापत्र स्पष्ट आहे.

मी चार हातांच्या अंतरावर बसले होते. कुणी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. कोर्टात आपण उठून बोलायचं नसतं म्हणतात. पण मी उठले असते तर कुणी मला बाहेर काढलं असतं का? एक म्हातारी बाई. फार तर खाली बसा म्हणाले असते.

मी उठलेच नाही.

९ जानेवारी, शुक्रवार

निकाल लागला. अंतिम फेरी थांबवायला अंतरिम मनाई मागितली होती, ती कोर्टाने नाकारली. मनमोहनने फोनवर वाचून दाखवलं : कलेचं मूल्यमापन हे जाणकारांचं क्षेत्र आहे, अनुभवी परीक्षकाच्या मताच्या जागी कोर्ट आपलं मत ठेवू शकत नाही. माजी शाळेचा संबंध अकरा वर्षांपूर्वी संपलेला, त्यात हितसंबंध दिसत नाही. सुनावणीच्या तारखेबद्दल मंडळाने यापुढे अधिक संवेदनशील असावं अशी अपेक्षा व्यक्त केली आहे. अपेक्षा. दावा चालू राहील, पण अंतिम फेरी अठरा तारखेला, म्हणजे त्याला आता अर्थ नाही.

“अभिनंदन, बाई! ‘अनुभवी परीक्षक’ असा शब्द आहे निकालात.”

मी म्हटलं, “मनमोहन, दोघींना पाठवू या का? मी पत्र देते. मी माझे उच्चारांचे गुण मागे घेते.”

“काय?”

“दहा गुणांचा तर फरक आहे. मी चुकले असेन.”

मग त्याने लहान मुलाला समजावतात तशा आवाजात सांगितलं, “बाई, तुम्ही शपथेवर लिहून दिलंय की परीक्षण बरोबर होतं. कोर्टाने ते धरून निकाल दिलाय. आता तुम्ही चुकले म्हणालात तर खोटं प्रतिज्ञापत्र दिलं असं होईल. तुमच्यावर केस होईल. माझ्यावरपण. आणि उर्वीचं काय? ती रोज तालीम करते आहे. तिने काय केलंय?”

उर्वीने काहीच केलेलं नाही, हेही खरंच आहे.

म्हणजे माझे गुण आता माझेही राहिले नाहीत.

१८ जानेवारी, रविवार

पुण्याला अंतिम फेरी झाली. उर्वीला उत्तेजनार्थ. मनमोहनने कळवलं. दिवसभर घरीच होते.

२५ जानेवारी, रविवार

दाव्याच्या कागदावर पत्ता होता. रुचाला म्हटलं वरळीला जाऊन येते. ती म्हणाली, “कशाला, आई? त्यांना अजून काय द्यायचंय?” मग म्हणाली, “बरं, मी येऊ?” नको म्हटलं. तिने फोनवर मेट्रोचं तिकीट काढून दिलं.

अठरावा मजला. दार आजीनेच उघडलं. बकुळाबाई. ठेंगणी, हातभर हिरव्या बांगड्या नाहीत, काही नाही, पांढरं स्वच्छ लुगडं. मी नाव सांगितलं. तिने आत बोलावलं, पंखा लावला, खुर्ची पुसली.

“तुमीच त्या परीक्षक बाई?”

“हो.”

“एक इचारू? रागावू नका.” ती माझ्यासमोर जमिनीवर बसली. वर बसा म्हटलं तरी बसली नाही, गुडघे असेच बरे वाटतात म्हणाली. “पोरगी माजी नक्कल करते म्हनून मार्क कापलेत का? माजं बोलनं असलंच हाय. तिला म्हनलं, दुसऱ्या कुनाची नक्कल कर, चांगलं बोलनाऱ्याची. तर ऐकली न्हाय. माज्यापायी गेला नंबर पोरीचा.”

मी नाही नाही म्हणत राहिले. तिला ते पटलं नाही. कोर्टात वाचून दाखवलं ना, म्हणाली.

तेवढ्यात नूपुर आणि तिची आई बाजारातून आल्या. प्रिती नाव तिचं. मला पाहून तिच्या हातातली पिशवी तशीच राहिली. पण आवाज चढवला नाही. “बसा मॅडम,” म्हणाली. “नूपुरच्या बाबांना ड्युटी आहे आज. काय काम होतं?”

मी म्हटलं, मला नूपुरचा प्रवेश पुन्हा बघायचा आहे. दुसरं काय सांगावं सुचलंच नाही. प्रितीने मुलीकडे पाहिलं. मला वाटलं, नाही म्हणेल. पण मुलगी लगेच तयार झाली. ओढणी डोक्यावरून घेतली, पाठ वाकवली आणि खिडकीपाशी उभी राहिली.

“माझ्या घरी मी चालले आहे. तू कोण विचारणारी?”

पाणी. कोण. आहे. नाही. एकही ‘ण’ चुकला नाही. ‘ळ’ तर उर्वीपेक्षा चांगला. महिनाभर रोज शाळेच्या बाईंकडे बसून तिने सुधारून घेतलं होतं, प्रितीने नंतर सांगितलं. नूपुर हात हलवत होती, थांबत होती, जिथे मी दादरला डोळे पुसले होते तिथे माझ्याकडे बघून थांबलीसुद्धा. कुणी हसलं नाही. बकुळाबाई भिंतीला टेकून, अनोळखी माणसाकडे बघावं तशी नातीकडे बघत होती.

संपल्यावर ओढणी खांद्यावर घेत तिने विचारलं, “आता उच्चारांना किती, मॅडम?”

खोटं बोलायचं मनात होतं. चोवीस म्हणायचं आणि निघायचं. पण म्हणाले, “बाळ, ते पहिलं चांगलं होतं. तू दादरला केलंस ते. ते फार चांगलं होतं.”

तिने माझ्याकडे पाहिलं. चिडून नाही. हिशेब जुळत नसला की मुलं पाहतात तसं.

“मग कोर्टात तसं का नाही सांगितलंत?”

“मला वाटलं...” मी म्हणाले. काय वाटलं होतं ते पुढे येईचना. ती वाट बघत होती. प्रितीसुद्धा. तिने मुलीला गप्प बस म्हटलं नाही, मला सोडवलं नाही, नुसती पिशवी हातात धरून उभी होती.

शेवटी बकुळाबाईच जमिनीला हात टेकून उठली. “राहू दे गं,” नातीला म्हणाली. “बाईंना च्या ठेव. लांबून आल्यात.”

नूपुर आत गेली. आतून तिचा आवाज आला, सावकाश, एकेक अक्षर जपून :

“आजी, साखर किती घालू विचार त्यांना. आणि पाणी देऊ का तेही विचार.”